नावाचे मूळ आणि नावाचे घर

सोलापुरात ‘चार पुतळा’ एवढे म्हटले, तरी रिक्षावाला नेमक्या ठिकाणी नेऊन सोडतो. मल्लप्पा धनशेट्टी, जगन्नाथ शिंदे, श्रीकिसन सारडा आणि कुर्बान हुसेन या चार हुतात्म्यांचे ते स्मारक. १२ जानेवारी १९३१ रोजी येरवड्याच्या तुरुंगात चौघांना फाशी दिली गेली. त्यांची नावे भाषेच्या दृष्टीने पाहावीत. ‘मल्लप्पा’मधील ‘अप्पा’ कानडी, शिंदे मराठी, सारडा मारवाडातून आलेले, तर ‘कुर्बान’ हा शब्द अरबी. त्याचेच सिरियाक भावंड ‘कुर्बाना’; केरळातील आपले सिरियन बांधव पवित्र मिस्साला याच नावाने ओळखतात. अर्थही एकच : अर्पण. ही नावे चार वाटांनी आली. पण ती सोलापूरची नव्हेत असे म्हणायला कोणाची जीभ धजावणार नाही.

आमच्या धर्मग्रामांतील आईवडिलांना मात्र बाळाचे नाव ठेवताना दोन प्रश्न ऐकावे लागतात. शेजारी विचारतात, “हे नाव मराठी कसे?” घरातील वडीलधारे विचारतात, “हे नाव ख्रिस्ती कसे?” मग पुष्कळदा बाप्तिस्म्याच्या नोंदवहीत एक नाव लागते आणि शाळेच्या पटावर दुसरे. या पेचाचे उत्तर नावांच्या अर्थकोशात शोधण्याची आपल्याला सवय आहे. आमच्या मते ते आपल्या साहित्यात अधिक स्पष्ट सापडते.

व्युत्पत्तीला आम्ही कमी लेखत नाही. ती पुष्कळ गैरसमज दूर करते. पोर्तुगीज आडनावे परकी वाटतात. पण त्यांची घडण आपल्या ओळखीचीच आहे. रॉड्रिग्ज म्हणजे रॉड्रिगोचा पुत्र. मराठी कादंबरीचे आद्य लेखक बाबा पदमनजी मूळचे मुळे. तरी वाचक त्यांना वडिलांच्या नावानेच ओळखतात. रीत तीच. दिब्रिटो म्हणजे ब्रितो गावचा; आपल्या पद्धतीने म्हणायचे तर ‘ब्रितोकर’. सोलापूरकर आणि दिब्रिटो ही आडनावे एकाच साच्यातून निघाली आहेत.

परंतु व्युत्पत्तीची गोडी फसवीही असते. सोलापूर म्हणजे सोळा गावांचे पूर, असे आपण लहानपणापासून ऐकत आलो. अभ्यासकांचा कौल मात्र सिद्धरामेश्वरांच्या काळातील ‘सोन्नलगे’ या नावाकडे आहे. तेव्हा कानाला पटते ते सारे खरे नसते. शिवाय अर्थ खरा असला, तरी तो नावाचे मूळ सांगतो. ते नाव आज कोणत्या घरात नांदते आहे, हे सांगत नाही.

या दृष्टीने लक्ष्मीबाई टिळकांची ‘स्मृतिचित्रे’ पुन्हा वाचावीत. लक्ष्मीबाई माहेरच्या मनकर्णिका गोखले. वयाच्या अकराव्या वर्षी लग्न झाले आणि रूढीप्रमाणे त्यांचे नाव बदलून लक्ष्मी झाले. पुढे १८९५ साली नारायण वामन टिळकांनी आणि १९०० साली लक्ष्मीबाईंनी बाप्तिस्मा घेतला. तेव्हा मात्र नारायण नारायणच राहिले आणि लक्ष्मी लक्ष्मीच. ज्या संस्काराने नाव बदलेल असे सर्वांना वाटते, त्याने ते बदलले नाही. बदलले ते त्याआधीच, लग्नमंडपात. आत्मचरित्रात लक्ष्मीबाई पतीचा उल्लेख ‘टिळक’ असा करतात. पतीचे नाव न घेण्याच्या त्या काळच्या रीतीला हे धरूनच आहे; पण पानांमागून पाने वाचताना त्या आडनावाला घरगुती हाकेची ऊब येते. कपाळावरच्या टिळ्याची आठवण देणारा हा शब्द एका ख्रिस्ती संसाराचे नाव होतो, आणि वाचकाला त्यात विसंगती जाणवत नाही. हे यश शब्दकोशाचे नव्हे. ते लेखिकेचे आणि त्या संसाराचे आहे.

पंडिता रमाबाईंची गोष्ट याला पूरक आहे. १८८३ साली इंग्लंडमध्ये बाप्तिस्मा घेताना त्यांना ‘मेरी रमा’ हे नाव मिळाले. महाराष्ट्राने मात्र त्यांना रमाबाई म्हणूनच हाक मारली, आणि त्यांच्या श्रद्धेत त्यामुळे काही उणे झाले नाही.

येथे एक सावधगिरी बाळगली पाहिजे. टिळकांना आपले आडनाव राखणे सोपे होते. त्या आडनावाला समाजात मान होता. ज्यांना गावाने पिढ्यान्‌पिढ्या अर्ध्यामुर्ध्या नावाने, तुच्छतेने हाक मारली, त्यांच्यातील एखाद्याला बाप्तिस्म्यात ‘पौल’ किंवा ‘योहान’ हे नाव मिळाले, तर ते त्याच्या लेखी परकेपण नव्हते. मिळालेला मान होता. ख्रिस्ती माणसाने देशीच नाव ठेवावे, असा सरसकट उपदेश करणाऱ्या टीकाकारांच्या ध्यानात ही बाजू येत नाही. ‘स्मृतिचित्रे’ हा आदर्श खरा. पण तो एकमेव नव्हे.

आता घरातल्या वडीलधाऱ्यांच्या प्रश्नाकडे वळू. ख्रिस्तसभेच्या १९१७ च्या कायदेसंहितेत (कलम ७६१) बालकाला ख्रिस्ती नाव मिळेल हे धर्मगुरूंनी पाहावे, आणि ते जमले नाही तर आईवडिलांच्या पसंतीच्या नावाला एखाद्या संताचे नाव जोडून दोन्ही नोंदवावीत, असा नियम होता. १९८३ च्या संहितेतील ८५५ वे कलम एवढेच सांगते, की ख्रिस्ती भावनेला परके असे नाव दिले जाऊ नये. म्हणजे संताच्या नावाचा जुना आग्रह आता कायद्यात नाही. उरला आहे तो आपल्या सवयीत. संताचे नाव प्रेमाने ठेवावे, त्याचे चरित्र मुलाला सांगावे. पण ‘आनंद’ किंवा ‘करुणा’ या नावांना ख्रिस्ती मानण्यास हरकत कोणती?

शेजाऱ्यांच्या प्रश्नाचे उत्तर फादर फ्रान्सिस दिब्रिटो यांनी आपल्या लेखनाने देऊन ठेवले आहे. जानेवारी २०२० मध्ये सोलापूरच्या शेजारी, तेव्हाच्या उस्मानाबादेत म्हणजे आजच्या धाराशिवात, ९३ वे अखिल भारतीय मराठी साहित्य संमेलन त्यांच्या अध्यक्षतेखाली भरले. त्यांच्या निवडीला काहींनी धर्माच्या कारणावरून विरोध केला होता. ‘सुबोध बायबल’ मराठीला देणाऱ्या लेखकाची पारख त्याच्या मराठीवरून व्हावयास हवी होती. २०२४ मध्ये फादर निवर्तले. त्यांच्या नावापुढे लागलेले ते प्रश्नचिन्ह आपल्या मुलांच्या नावांपुढे अजून लागते.

सोलापूरचेच डॉ. द्वारकानाथ कोटनीस १९३८ साली वैद्यकीय पथकाबरोबर चीनला गेले. त्यांच्या आडनावातील ‘नीस’ हा फारसी ‘नवीस’ म्हणजे लिहिणारा. चीनमध्ये ते ‘के दिहुआ’ झाले; त्यातील ‘हुआ’ म्हणजे चीन. मुलाचे नाव ठेवले गेले ‘यिनहुआ’, म्हणजे भारत आणि चीन. जखमींची शुश्रूषा करता करता १९४२ साली ते तेथेच वारले. आज दोन्ही देश त्यांना आपापल्या नावाने हाक मारतात, आणि दोन्ही नावे खरी आहेत.

आईवडिलांना आमचे एवढेच सांगणे : नाव मराठी ठेवा, बायबलमधील ठेवा, आजोबांचे ठेवा, पण चर्चच्या वहीत आणि शाळेच्या पटावर एकच ठेवा. मुलाला आपले नाव कोठेही हळू आवाजात सांगावे लागू नये.