शारिपुत्राचा विदूषक

संस्कृत नाटकातील विदूषकाची चर्चा बहुधा शाकुंतलातील माढव्य किंवा मृच्छकटिकातील मैत्रेय यांच्यापासून सुरू होते. खादाड, भित्रा, जन्माने ब्राह्मण पण बोलणार प्राकृत, असे त्याचे चित्र पाठ्यपुस्तकांनी रूढ केले आहे. त्याच्या उगमाविषयीही पुष्कळ लिहिले गेले. प्रा. गो. के. भट यांनी १९५९ साली त्याच्यावर स्वतंत्र ग्रंथ सिद्ध केला. कायपर या डच पंडितांनी १९७९ मध्ये त्याचे नाते थेट वरुणाशी जोडले. परंतु ज्या विदूषकाची पोथी सर्वांत जुनी, तो एका बौद्ध नाटकातला आहे, ही गोष्ट मात्र ओझरत्या उल्लेखापलीकडे फारशी जात नाही.

मध्य आशियात जर्मन तुर्फान मोहिमेला मिळालेल्या ताडपत्रांच्या तुकड्यांतून हाइन्रिख ल्यूडर्स यांनी १९११ मध्ये काही नाटकांचे अवशेष प्रसिद्ध केले. लिपी कुषाणकालीन ब्राह्मी. त्यांपैकी एकाचा समाप्तिलेख वाचता येतो : नाटक शारिपुत्रप्रकरण, अंक नऊ, कर्ता सुवर्णाक्षीचा पुत्र अश्वघोष. या नाटकात शारिपुत्राच्या सोबतीला विदूषक आहे. त्याच पोथीतील दुसऱ्या एका नाटकातही मगधवती नावाच्या गणिकेबरोबर कोमुदगंध नावाचा विदूषक येतो. म्हणजे इसवी सनाच्या आरंभीच्या शतकांतच हे पात्र इतके रुळलेले होते की, धर्मप्रसारासाठी लेखणी हाती घेणाऱ्या कवीलाही ते टाळता आले नाही.

ए. बी. कीथ यांनी १९२४ च्या आपल्या ग्रंथात यावरून एक निष्कर्ष काढला आहे. श्रीमंत व्यापाऱ्याबरोबर विदूषक शोभतो. सत्याच्या शोधात निघालेल्या शारिपुत्रासारख्या पुरुषाला तो निव्वळ लोढणे होय, आणि केवळ रूढीमुळे तो तेथे आला आहे, असा त्यांचा आशय आहे. हा निष्कर्ष आम्हांस मान्य नाही. शारिपुत्राची कथा पालि अट्ठकथेतून ज्याने वाचली आहे, त्याला ही जोडी विसंगत वाटण्याचे कारण नाही. राजगृहाच्या गिरग्गसमज्ज या उत्सवात उपतिस्स आणि कोलित हे दोघे मित्र खेळ पाहत बसत. हसण्याच्या जागी हसत, बक्षीस देण्याच्या जागी बक्षीस देत. एके दिवशी मात्र दोघांनाही हसू आले नाही. ही सारी माणसे शंभर वर्षांच्या आत नाहीशी होणार, मग यात पाहण्यासारखे काय, असे त्यांच्या मनात आले. उपतिस्स म्हणजेच पुढचे सारिपुत्त आणि कोलित म्हणजे मोग्गल्लान. त्यांच्या प्रव्रज्येचा उगम असा रंगमंचासमोर, हास्य थांबण्याच्या क्षणी आहे. अश्वघोषासमोर हीच कथा होती असे आम्ही म्हणत नाही. पण या नायकाच्या शेजारी हसविणारा माणूस उभा करणे यामागे रूढीपेक्षा अधिक काही असू शकते, एवढे मान्य व्हावे.

या विदूषकाला नाटकात खरे कामही आहे. बुद्धांकडे जाण्यास निघालेल्या शारिपुत्राला तो अडवतो : आपण ब्राह्मण, आणि उपदेश घ्यायचा तो क्षत्रियाकडून? नाटकातील सर्वांत गंभीर आक्षेप कवीने हास्यपात्राच्या तोंडी घातला आहे. हीच शंका एखाद्या वेदपारंगत पंडिताने काढली असती तर प्रेक्षकांतील अनेकांनी माना डोलावल्या असत्या. विदूषकाने, तीही प्राकृतात काढली म्हणजे जन्माचा अभिमान आपोआप हास्यास्पद होतो. शारिपुत्र उत्तर देतो ते असे की, हीन जातीच्या माणसाने दिलेले औषधही रोग्याला गुण देते आणि उन्हाने तापलेल्याला पाणी शांत करतेच.

येथे आम्ही थोडे थांबतो. उपमा सुंदर आहे आणि भुकेतहानेचीच भाषा समजणाऱ्या श्रोत्याला ती साजेशी आहे. तथापि ती आक्षेपाचा गाभा तसाच ठेवते. औषध देणारा हीन असला तरी चालेल, एवढेच ती सांगते. तो हीन नाहीच, असे सांगत नाही. अस्सलायनसुत्तात किंवा वसलसुत्तात भगवंतांनी जन्मश्रेष्ठतेचे मूळच उपटून काढले आहे. त्या मानाने अश्वघोषाचा शारिपुत्र प्रतिपक्षाच्या अंगणात उभा राहून बोलतो. वादात जिंकण्याची ही एक रीत असेल; सुत्तपिटकाची ती रीत नव्हे.

शेवटच्या अंकात शारिपुत्र आणि मौद्गल्यायन बुद्धांपाशी प्रव्रजित होतात, आणि विदूषक तेथे नाही. कीथ यांना हे स्वाभाविक वाटले. हर्षाच्या नागानंदातही असेच घडते. तिसऱ्या अंकात आत्रेयाची पुरेपूर फजिती होते : भुंग्यांच्या भीतीने तांबड्या वस्त्रांचा बुरखा घेतलेल्या त्याला दारूच्या धुंदीतला विट स्वतःची प्रेयसी समजतो, पुढे त्याच्या तोंडाला तमालरसाचे काळे फासले जाते, आणि तो रागावून निघून जातो. जीमूतवाहन सापांसाठी देह अर्पण करतो त्या अंकांत तो पुन्हा दिसत नाही. शेक्सपिअरच्या लिअर राजाचा विदूषकही तिसऱ्या अंकानंतर काहीएक कारण न सांगता नाहीसा होतो. पण त्याने धन्याला कटू सत्य ऐकवलेले असते, वादळात त्याची सोबत केलेली असते. शारिपुत्राच्या विदूषकाला उत्तर मिळते. मार्ग मिळाल्याचे उपलब्ध तुकड्यांत कोठेही दिसत नाही.

पालि परंपरा मात्र येथे अधिक उदार आहे. संयुत्तनिकायातील गामणिसंयुत्तात तालपुट नावाचा नटांचा नायक भगवंतांना विचारतो, लोकांना हसविणारा नट मरणानंतर हसऱ्या देवांमध्ये जन्मतो हे खरे काय? भगवंत दोनदा उत्तर टाळतात आणि तिसऱ्यांदा स्पष्ट नकार देतात. तालपुट रडतो. या उत्तरासाठी नव्हे, तर जुन्या नटाचार्यांनी आपल्याला इतका काळ फसविले म्हणून, असे तो सांगतो. नंतर तो प्रव्रज्या घेऊन अर्हत होतो आणि थेरगाथेत त्याच्या दीर्घ गाथा येतात. कठोर उत्तर आणि उघडे दार ही दोन्ही त्याला एकाच बैठकीत मिळतात.

नवल असे की, रंगभूमीवर हे दार उघडले ते बौद्ध म्हणून प्रसिद्ध नसलेल्या शूद्रकाने. मृच्छकटिकात मैत्रेय अखेरच्या अंकातही चारुदत्ताच्या लहान मुलाला घेऊन वध्यस्थानाच्या वाटेवर येतो; नवव्या अंकात त्याच्याच काखेतून दागिने गळून पडल्यामुळे मित्रावर हा प्रसंग ओढवलेला असतो. पण आम्हांस येथे दुसरे पात्र अभिप्रेत आहे. दुसऱ्या अंकात जुगारात हरलेला संवाहक पाठलाग चुकविण्यासाठी ओसाड देवळात उलट्या पावलांनी शिरतो आणि मूर्ती होऊन उभा राहतो. प्रेक्षक त्याला पोटभर हसतात. तोच पुढे भिक्षू होतो, चीवर धुताना शकाराचा मार खातो, मरणोन्मुख वसंतसेनेला शुद्धीवर आणतो. शेवटी त्याला काय हवे असे विचारले जाते, तेव्हा संसाराची ही अनित्यता पाहून प्रव्रज्येविषयीचा आपला आदर दुणावला आहे, एवढेच तो सांगतो, आणि सर्व विहारांचे कुलपतिपद त्याच्याकडे येते.