चकमक, जामगी आणि ‘मदर ३’

‘मदर ३’ हा गेम निंटेंडोने २० एप्रिल २००६ रोजी गेम बॉय अ‍ॅडव्हान्ससाठी जपानमध्ये आणला. इंग्रजीत तो अधिकृतपणे आलेलाच नाही. जपानबाहेर बहुतेकांनी जो ‘मदर ३’ खेळला, तो क्लाइड मँडेलिन आणि सहकाऱ्यांनी विनामोबदला केलेल्या, ऑक्टोबर २००८मध्ये प्रसिद्ध झालेल्या भाषांतरातून. त्याबद्दल कृतज्ञता पुष्कळ व्यक्त झाली आहे. पण फुकट मिळालेल्या भाषांतराकडेही भाषांतर म्हणून बघायला हवं. कौतुकात नेमकं तेच राहून जातं.

लेखक शिगेसातो इतोई मूळचे जाहिरातींचे कॉपीरायटर. मोजक्या शब्दांत भागवायची सवय पानोपानी दिसते. पहिल्याच प्रकरणात एक गावकरी फ्लिंटला सांगतो, की एक चांगली बातमी आहे आणि एक वाईट. चांगली अशी, की एका अजस्र प्राण्याचा दात मिळालाय, त्याचं हत्यार होईल. वाईट अशी, की तो फ्लिंटच्या बायकोच्या काळजात रुतलेला होता. साचा विनोदाचा, आत मृत्यू. मँडेलिन इथे दुःख समजावून सांगायचा मोह आवरतात, आणि हीच या भाषांतराची सगळ्यात मोठी कमाई आहे.

नावांपाशी मात्र ते अडखळतं. बायकोचं नाव हिनावा. जपानीत हिनावा म्हणजे तोड्याच्या बंदुकीची पेटती वात, आपली जामगी. फ्लिंट म्हणजे चकमकीचा दगड. नवरा चकमक, बायको जामगी. शिवाय ‘हिमावारी’, म्हणजे सूर्यफूल, हा शब्दही तिच्या नावाशेजारीच ऐकू येतो; आणि मेल्यानंतर ती मुलाला दिसते ती सूर्यफुलांच्या शेतात. इंग्रजीत फ्लिंट कळतो, हिनावा नुसता आवाज उरतो. जोडप्यातला अर्धा अर्थ विझतो.

याउलट खलनायक योकुबा. त्याच्या नावात ‘योकुबारी’, म्हणजे हावरट, दडलेला आहे. मँडेलिन त्याला ‘फसाद’ करतात. इंग्रजी कानाला त्यात ‘फसाड’, म्हणजे दर्शनी मुखवटा, ऐकू येतो; आपल्याला थेट दंगाफसाद. पैसा म्हणजे काय हे माहीत नसलेल्या टाझमिली गावात पैसा आणि ‘हॅपी बॉक्स’ घेऊन येणाऱ्या माणसाला हे नाव चपखल बसतं. हावरेपणा गेला, ढोंग आलं; सौदा फायद्याचाच म्हणायचा.

मग हिनावाला हात का लावला नाही? माझा तर्क असा: खलनायकाचं नाव बदलणं सोपं, जिच्या मृत्यूवर सगळी कथा उभी आहे तिचं अवघड. चाहत्याचं प्रेम इथे भाषांतरकाराच्या आड येतं. आणि तेच प्रेम नसतं, तर जपानी अक्षरांसाठी बेतलेल्या चौकटींत इंग्रजी वाक्यं बसावीत म्हणून अक्षरं काढणारा कोडच बदलायची उस्तवार कुणी केली असती?

हे भाषांतर पॅच म्हणून वाटलं गेलं. पॅचमध्ये मूळ आणि नव्यामधला फक्त फरक असतो. मूळ गेमशिवाय तो निरुपयोगी. मँडेलिननी आपला मजकूर कंपनीला फुकट देऊ केला होता. फेब्रुवारी २०२४मध्ये हा गेम स्विचच्या सदस्यांसाठी आला, तोही जपानपुरताच. उद्या अधिकृत इंग्रजी आवृत्ती निघालीच, तर मी आधी एवढंच बघेन, की त्यांनी हिनावाचं काय केलं.