'मुळे' या शब्दाभोवतीचा गोल: देवमासे, डॉल्फिन आणि त्यांच्यावरच्या फिल्म

जळगावात बसून देवमाशांवरच्या फिल्म का बघायच्या, हा प्रश्न मला घरच्यांपासून आरएसीतल्या सरांपर्यंत सगळ्यांनी विचारून झालाय. मावशी धुळ्याची. ती म्हणाली, "उन्हाळ्यात तापीत धड पाणी नसतं, आन् तू देवमाशाचं काय लिहितो?" मी तिला सांगितलं, की हीच तापी सुरतेपलीकडे खंबातच्या आखाताला मिळते, आखाताच्या पलीकडे सौराष्ट्र, आणि माझी फिल्म तिथलीच आहे. तिचं काही समाधान झालं नाही. आरएसीचंही झालं नाही, पण त्यांचं कारण वेगळं होतं.

माझ्या सिनॉप्सिसमध्ये एक वाक्य होतं: 'या माहितीपटामुळे भारतात कायदा बदलला.' एका सरांनी पेन्सिलीनं फक्त 'मुळे' या दोन अक्षरांभोवती गोल काढला आणि कागद परत दिला. बाकी काही बोलले नाहीत. तुमच्यापैकी जे पेट काढून आता सिनॉप्सिसला बसलेत, त्यांच्यासाठी हा गोल जरा उलगडून सांगतो.

तो माहितीपट म्हणजे माइक पांडे यांचा 'शोअर्स ऑफ सायलेन्स', साल 2000. गुजरातच्या किनाऱ्यावर चालणारी व्हेल शार्कची शिकार त्यात आहे. आधीच सांगतो, नावात व्हेल असला तरी हा देवमासा नाही. तो मासाच आहे, शार्कच्या कुळातला, जगातला सगळ्यात मोठा मासा. (व्हायवात हा प्रश्न हमखास येतो, मला आला.) त्याच्या यकृताचं तेल होड्यांच्या लाकडाला लावायचे, पाणी आत येऊ नये म्हणून. पुढे मांसाला परदेशात भाव मिळायला लागला आणि शिकार वाढली. शिकारीत पिंपं वापरत, म्हणून तिथले लोक त्या माशालाच 'बॅरल' म्हणायचे. जिवंत प्राण्याला त्याला मारायच्या साधनाचं नाव! फिल्म अर्ध्या तासाहूनही छोटी आहे. तिच्यात चकचकीत काही नाही, आणि मला ती आवडते.

2001 च्या मे महिन्यात व्हेल शार्क वन्यजीव संरक्षण कायद्याच्या पहिल्या अनुसूचीत गेला. कायद्यानं संरक्षण मिळालेला तो आपल्याकडचा पहिला मासा. आता बघा, फिल्म 2000 ची, कायदा 2001 चा. मी तारखा शेजारी ठेवल्या आणि मध्ये 'मुळे' घातलं. पण त्याच वर्षी आणखी काय झालं? जुलैत सरकारनं सगळेच शार्क आणि पाकट त्या यादीत टाकले, मच्छीमारांनी विरोध केला, आणि डिसेंबरात यादी कापून दहा जातींवर आणली. म्हणजे मंत्रालयात एका फिल्मपेक्षा बरंच काही चाललेलं होतं. फिल्मनं धक्का दिला असेल, माझं आजही तसंच मत आहे. पण ते सिद्ध करायचं तर प्रस्ताव कधी सुरू झाला, फाइलीवर कोणी काय लिहिलं, फिल्म कोणाला कधी दाखवली, हे शोधावं लागतं. फिल्म स्वतःच्या परिणामाचा पुरावा होऊ शकत नाही.

दुसरी फिल्म तुम्ही ऐकली असेल: 'द कोव्ह', 2009, दिग्दर्शक लुई सिहोयोस. जपानमधल्या ताइजी गावात डॉल्फिनचे कळप हाकत एका खाडीत आणतात. काही मत्स्यालयांना विकले जातात, बाकीचे मारले जातात. फिल्मच्या मध्यभागी आहे रिक ओबॅरी, साठच्या दशकातल्या 'फ्लिपर' मालिकेसाठी डॉल्फिनना शिकवणारा माणूस, जो नंतर त्याच धंद्याविरुद्ध उभा राहिला. नकली दगडांत कॅमेरे लपवून, रात्री चोरून जाऊन केलेलं चित्रण आहे. शेवटी खाडीचं पाणी लाल होतं ते बघवत नाही. 2010 मध्ये ऑस्कर मिळालं.

पहिल्यांदा बघितली तेव्हा मी हादरलो होतो. तिसऱ्यांदा बघताना वही घेऊन बसलो आणि ताइजीचे मच्छीमार स्वतःहून काय बोलतात ते लिहायला लागलो. पान जवळजवळ कोरं राहिलं. ते कॅमेऱ्यापुढे हात धरतात, ओरडतात, वाट अडवतात. चोरीच्या थरारपटात पहारेकऱ्यांना जेवढी जागा असते तेवढीच त्यांना आहे. पुढे मेगुमी सासाकी यांनी 'अ व्हेल ऑफ अ टेल' काढली, त्यात त्याच गावाला बोलायला वेळ दिलाय. ती बघून माझं शिकारीबद्दलचं मत बदललं नाही. मात्र 'द कोव्ह'नं काय दाखवलं आणि काय ठरवून बाहेर ठेवलं, ते कळलं. आणि ऑस्कर मिळूनही ताइजीतली शिकार दर सप्टेंबरला सुरू होतेच. गाजलेली फिल्म म्हणजे परिणामकारक फिल्म, हे समीकरण लिहिताना दहादा विचार करा.

तसं एक आपल्याकडचंही. 'भारतानं डॉल्फिनला अमानवी व्यक्तीचा दर्जा दिला' हे वाक्य तुम्ही फॉरवर्डमध्ये वाचलं असेल, मी तर एका शोधनिबंधात वाचलं. मूळ कागद आहे मे 2013 चं केंद्रीय प्राणिसंग्रहालय प्राधिकरणाचं परिपत्रक. त्यात राज्यांना डॉल्फिनची करमणूक केंद्रं उघडायला परवानगी देऊ नका असं सांगितलंय, आणि डॉल्फिनकडे अशा व्यक्ती म्हणून पाहावं असं काही शास्त्रज्ञ सुचवतात, असा उल्लेख आहे. उल्लेख आणि दर्जा यात जमीन-अस्मानाचा फरक. परिपत्रक दोन-चार पानांचं आहे. लोक तेवढंही उघडत नाहीत.

परत सौराष्ट्राकडे येऊ, कारण खरी गंमत कायद्यानंतर आहे. कायदा झाला तरी जाळ्यात मासा सापडायचाच. मग 2004 मध्ये मोहीम निघाली, मोरारी बापूंनी सांगितलं की ही 'व्हाली' आहे, लाडकी, बाळंतपणाला माहेरी आलेली लेक. बॅरलची व्हाली झाली! आपल्या खान्देशात अखाजीला लेक माहेरी येते तेव्हा घराचं काय होतं, हे ज्यानं बघितलंय त्याला हे रूपक समजावून सांगायला नको. तो मासा खरंच तिथे पिल्लं घालायला येतो का, हा जीवशास्त्राचा प्रश्न वेगळा तपासायचा. पण प्रेक्षकाला दोषी न ठरवता त्याला मामा बनवणं, हे 'द कोव्ह'ला जमलेलं नाही. तिथल्या गावकऱ्याला फिल्ममध्ये शिरायला दारच नाही.

आणि आता ज्यावर मी नवा टॉपिक घेतलाय ते. महाराष्ट्रात 2018 पासून एक योजना आहे. डॉल्फिन, कासव, व्हेल शार्क असा संरक्षित प्राणी जाळ्यात अडकला आणि मच्छीमारानं जाळं कापून त्याला सोडलं, तर जाळ्याची भरपाई मिळते, कमाल 25,000 रुपये. वन विभागाचा कांदळवन कक्ष आणि मत्स्यव्यवसाय विभाग ती बघतात. पुरावा म्हणून फोटो किंवा व्हिडिओ द्यायचा. असे काही व्हिडिओ बातम्यांत येतात, तुम्ही स्क्रोल करून पुढे गेला असाल. होडी हलतेय, आवाजात वारा, कोणीतरी मालवणीत सुरी मागतोय, जाळं कापलं जातं आणि ती काळी पाठ पाण्यात जाते. मिनिटभराचं काम. माझ्या मते डॉल्फिन वाचवण्यावरची महाराष्ट्रातली सगळ्यात महत्त्वाची फिल्म हीच आहे, आणि ती शेकडो माणसांनी तुकड्या-तुकड्यांत काढलीय. इथे कॅमेरा 'द कोव्ह'मध्ये जो हात लेन्सवर येतो त्या हातात आहे.

पण लगेच भाळू नका, मी भाळलो होतो. या व्हिडिओत फक्त जिवंत सुटलेले प्राणी आहेत. जाळ्यात गुदमरून मेलेला डॉल्फिन कोण शूट करणार? रात्री अडकलेला, फोन किनाऱ्यावर राहिला त्या दिवशीचा, हेही यात नाहीत. सोडल्यानंतर तो जगला का, ते फ्रेमच्या बाहेर. शिवाय पैसे मिळण्यासाठी काढलेलं चित्रण आहे, म्हणजे जे दाखवल्यानं पैसे मिळतात तेच दिसणार. त्यामुळे 'इतके व्हिडिओ म्हणजे इतके डॉल्फिन वाचले' असा तक्ता केला, की पुन्हा पेन्सिलीचा गोल.

मी आता मोजणी सोडून दिलीय. व्हिडिओत लोक काय बोलतात तेवढंच उतरवून घेतोय: प्राण्याला काय नावानं हाक मारतात, जाळं कापायच्या आधी कोण कुरकुर करतो, कोण "सोड रे" म्हणतो. मालवणी पुरती कळत नाही, म्हणून मालवणच्या एका मित्राला रात्री फोन लावून एकेक शब्द विचारतो. मावशीला त्यातला एक व्हिडिओ दाखवला. तिनं दोनदा बघितला आणि विचारलं, "मग त्याच्या जाळ्याचे पैसे आले का?" ते मला अजून शोधायचंय.