थांबलेल्या क्षणाची विचारपूस

दगडगोट्यांनी भरलेला समुद्रकिनारा. पाण्याकडे तोंड आणि आपल्याकडे पाठ करून उभा असलेला एक विवस्त्र पुरुष. त्याच्यापासून थोड्या अंतरावर बसलेलं विवस्त्र लहान मूल. आणि पुढ्यात, त्याच दगडांवर, मरून पडलेली शेळी. छायाचित्रकार आणि चित्रपट-दिग्दर्शिका आन्येस वार्दा यांनी १९५४ साली फ्रान्समध्ये टिपलेल्या या कृष्णधवल छायाचित्रात घडत काहीच नाही, तरी नजर तिथून निघत नाही. शेळीवरून ती मुलाकडे जाते, मुलावरून पुरुषाकडे आणि त्याच्या खांद्यापलीकडे पसरलेल्या पाण्याकडे. चौकटीतल्या चौकटीत आपण केवढा तरी प्रवास करून येतो, आणि ही माणसं एकमेकांची कोण, हा प्रश्न मनात तसाच राहतो.

वार्दांच्याही मनात तो राहिला असावा. १९८२मध्ये त्यांनी याच एका छायाचित्रावर 'युलिस' हा बावीस मिनिटांचा लघुपट केला. त्या मुलाचं नाव युलिस. आता प्रौढ झालेल्या युलिसला त्या शोधून काढतात, त्याच्यापुढे छायाचित्र ठेवतात, आणि त्याला त्यातलं काहीच आठवत नाही! लहानपणी त्याने स्वतः काढलेलं त्याच दृश्याचं रंगीत चित्रही त्या दाखवतात. तरी आठवण जागी होत नाही. इथे आपण क्षणभर चरकतो. छायाचित्र म्हणजे आठवणींची तिजोरी असं आपण धरून चाललेलो असतो, आणि तिजोरी समोर उघडी असताना तिचा धनीच ती ओळखत नाही. मग वार्दा ते छायाचित्र एका शेळीपुढे धरतात. शेळी ते चक्क चघळू लागते. या खोडकर प्रसंगात मला त्यांच्या कलेचं सारं मर्म दिसतं: स्वतःच्या उत्कृष्ट निर्मितीविषयी अपार जिव्हाळा, पण देव्हाऱ्यात बसवण्याचा सोस मुळीच नाही.

त्यांची घडण छायाचित्रणातली. ज्याँ व्हिलार यांच्या राष्ट्रीय लोकनाट्यगृहाच्या त्या छायाचित्रकार होत्या. चित्रपट फारसे पाहिलेलेही नव्हते, आणि तरीही सेत या बंदरगावातल्या कोळ्यांच्या वस्तीत जाऊन त्यांनी 'ला प्वान्त कूर्त' हा पहिला चित्रपट केला; संकलन आलँ रेने यांचं. त्यातली एक चौकट आपण जरा निरखून पाहू. दुरावत चाललेलं एक जोडपं. एकाचा चेहरा आपल्यासमोर, दुसऱ्याचा बाजूने, आणि दोन्ही इतके लगटून की एकाच्या नाकाची रेघ दुसऱ्याच्या ओठांवरून उतरते. देह एवढे जवळ, पण नजरा काटकोनात. संवादाला जे सांगायला पानं लागली असती, ते इथे दोन चेहऱ्यांची मांडणी सांगून जाते. हा छायाचित्रकाराचा डोळा आहे. कथेची घाई त्याला नसते, तो माणसं नीट जागी लागेपर्यंत थांबतो.

म्हणूनच छायाचित्रण सोडून त्या चित्रपटाकडे वळल्या, असं म्हणणं मला पटत नाही. 'सलाम क्युबा' असा ज्याच्या नावाचा आशय, त्या १९६३च्या लघुपटात तर त्यांनी कॅमेऱ्याला हलतं चित्र जवळजवळ टिपूच दिलेलं नाही. क्रांतीनंतरच्या क्युबात काढलेल्या हजारो छायाचित्रांतली सुमारे १५०० निवडून त्यांनी अर्ध्या तासाचा पट बांधला. त्यात बेनी मोरे हा लोकप्रिय गायक येतो. त्याच्या एकामागून एक स्थिर मुद्रा गाण्याच्या ठेक्यावर अशा गुंफल्या आहेत की त्याची टोपी, हातातली काठी, ढगळ विजारीच्या घड्या सगळं नाचू लागतं. नाच सलग नाही. दोन मुद्रांमध्ये फट राहते, आणि ती फट आपली नजर भरून काढते. म्हणजे त्या नृत्यातली अर्धी पावलं आपण टाकलेली असतात. चित्रपट पुरा झाला तोवर बेनी मोरे या जगात नव्हता, हे कळल्यावर आपण तो तुकडा पुन्हा लावतो, आणि तो पहिल्याइतकाच मजेत, ठेका जराही न चुकवता, नाचत असतो.