असत्य, असिद्ध आणि अप्रामाणिक : रद्द होणाऱ्या जातप्रमाणपत्रांचा प्रश्न

न्यायाची चर्चा नेहमी फार वर, ढगांत होते. आज आपण ती तहसील कचेरीच्या पातळीवर आणू. विषय आहे जातप्रमाणपत्र रद्द होण्याचा. महाराष्ट्रात 'व्हॅलिडिटी' म्हणजे काय, हे बारावीच्या मुलाला समजावून सांगावे लागत नाही.

आधी कडक पडताळणीची बाजू मांडू. कोणी चुकीच्या दाखल्यावर राखीव जागा घेतली, तर ती जागा हवेतून येत नाही. जव्हारच्या किंवा धडगावच्या एखाद्या आदिवासी मुलीच्या हातून ती गेलेली असते. ती मुलगी कोर्टात नसते, तिला वकील नसतो, आपले काय गेले हे तिला कळतही नाही. या काळजीपोटीच सर्वोच्च न्यायालयाने १९९४ मध्ये पडताळणी समिती आणि दक्षता पथक ही चौकट घालून दिली. राज्याने पुढे स्वतंत्र कायदा केला. तो १८ ऑक्टोबर २००१ पासून लागू आहे.

आता या कायद्यातला 'खोटे प्रमाणपत्र' हा शब्द बघा. तर्कशास्त्राच्या वर्गात आम्ही तीन गोष्टी वेगळ्या करायला शिकवत असू. विधान असत्य असणे ही एक. विधान सिद्ध न होणे ही दुसरी. आणि बोलणारा लबाड असणे ही तिसरी. कलम ८ म्हणते, पुराव्याचा भार दावा करणाऱ्यावर. तेही समजू शकते, कारण घराण्याची माहिती त्याच्याकडेच असणार. पण विमुक्त-भटक्या कुटुंबाचा विचार करा. त्यांच्यासाठी मानीव दिनांक आहे २१ नोव्हेंबर १९६१. ज्याचा आजोबा पाल ठोकून गावोगाव फिरला, शाळेची पायरी चढला नाही, त्याने त्याआधीचा कागद आणायचा कुठून? त्याचा दावा असिद्ध राहतो. समितीच्या आदेशात तो असत्य होतो. आणि गावात लोक म्हणतात, लबाड निघाला! एकाच शिक्क्याखाली तिन्ही गोष्टी एक झाल्या.

याचे परिणाम लहान नाहीत. ६ जुलै २०१७ च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने स्पष्ट केले की दावा अवैध ठरला की लाभ काढून घ्यायचे. किती वर्षे नोकरी झाली, हेतू प्रामाणिक होता की नव्हता, याने फरक पडत नाही. हेतूचा प्रश्न येतो तो फौजदारी कारवाईत. तत्त्व म्हणून आम्हाला हे पटते. वीस वर्षे उपभोगल्याने दुसऱ्याचा हक्क आपला होत नाही. परंतु निकालानंतर दयेला जागा नसेल, तर निकालाआधीच्या प्रक्रियेत चुकीलाही जागा राहता कामा नये. आमचा आक्षेप इथे आहे.

कारण दुरुस्तीची वाट अरुंद आहे. समितीच्या आदेशावर अपील नाही. फक्त उच्च न्यायालयात रिट. आणि रिटमध्ये पुरावा सहसा नव्याने तोलला जात नाही. नवनीत राणा यांच्या प्रकरणात समितीने वैध ठरवलेले प्रमाणपत्र उच्च न्यायालयाने २०२१ मध्ये रद्द केले, तेव्हा सर्वोच्च न्यायालयाने ४ एप्रिल २०२४ रोजी ते याच मुद्द्यावर परत वैध ठरवले. तिथे या नियमाचा फायदा अर्जदाराला झाला. समितीचा निर्णय विरुद्ध गेलेल्या माणसाला तोच नियम आडवा येतो.

दुसरे उदाहरण रामटेकचे. लोकसभेच्या उमेदवार रश्मी बर्वे यांचे प्रमाणपत्र मार्च २०२४ मध्ये, ऐन अर्ज छाननीच्या वेळी अवैध ठरले आणि उमेदवारी गेली. उच्च न्यायालयाने तो आदेश सप्टेंबरमध्ये रद्द केला. पक्ष कुठला, हा आपला विषय नाही. प्रमाणपत्र परत मिळाले. निवडणूक मात्र परत मिळत नाही. वैद्यकीय प्रवेशाचेही तसेच. जागा भरली की न्याय कागदावरच राहतो.

मग योग्य प्रक्रिया म्हणजे काय? नोटिशीबरोबर दक्षता पथकाचा अहवाल हातात पडला पाहिजे, हे १९९४ पासून सांगितलेले आहे. चालीरीती विचारणारी 'अ‍ॅफिनिटी टेस्ट' ही एकमेव कसोटी नव्हे, हे न्यायालयाने २०११ मध्ये आणि पुन्हा मार्च २०२३ मध्ये सांगितले. ते योग्यच आहे. तीन पिढ्या मुंबईत काढलेल्या ठाकूर कुटुंबातल्या मुलाला डोंगरावरच्या देवाचे नाव आठवले नाही, म्हणून त्याची जमात बदलत नाही.

यात आम्ही एकच भर घालू. प्रत्येक आदेशात समितीने स्पष्ट लिहावे : हा दावा असत्य आढळला, की पुरावा अपुरा पडला, की कागदात खाडाखोड सापडली? लाभ तिन्ही प्रसंगी जाईल, हे मान्य. पण पुरावा अपुरा पडलेल्याला नवा कागद सापडला, तर त्याच समितीकडे परत येण्याची वाट असावी. आणि त्याच्या मुलांच्या माथी लबाडीचा शिक्का बसू नये. याने जव्हारच्या त्या मुलीचे काहीही जात नाही. उलट, खाडाखोड करणारे वेगळे काढले तर तिची जागा कोणी नेली हे अधिक नेमके कळेल.

इथे थांबू. प्रश्न घेऊ या.