आत्महत्येस अपप्रेरणा : हेतूची सिद्धता आणि पुराव्याच्या मर्यादा

बीजसंज्ञा : अपप्रेरणा, चिथावणी, हेतू, मृताची चिठ्ठी, परिस्थितिजन्य पुरावा

प्रस्तावना

नाशिकमधील इंदिरानगरसारख्या नागरी वस्तीत आत्महत्येची घटना घडली की तिची पहिली नोंद स्थानिक पोलीस ठाण्यात ‘अकस्मात मृत्यू’ अशी होते. पंचनामा, शवविच्छेदन आणि नातेवाइकांचे जबाब यांतून कोणावर ठपका आला, तर अपप्रेरणेचा गुन्हा दाखल होतो. हा गुन्हा सत्र न्यायालयात चालतो आणि त्यास १० वर्षांपर्यंत कारावासाची तरतूद आहे. मात्र पहिल्या काही दिवसांत जे गोळा होत नाही, ते पुढे खटल्यात बहुधा मिळत नाही. प्रस्तुत लेखात महाराष्ट्रातील काही प्रकरणांच्या आधारे या गुन्ह्याच्या सिद्धतेची चिकित्सा केली आहे.

कायद्याची चौकट

भारतीय दंड संहितेतील कलम ३०६ ची जागा १ जुलै २०२४ पासून भारतीय न्याय संहितेच्या कलम १०८ ने घेतली. अपप्रेरणेची व्याख्या पूर्वी कलम १०७ मध्ये होती, ती आता कलम ४५ मध्ये आहे. क्रमांक बदलले तरी आशय तोच राहिला. चिथावणी देणे, कटात सहभागी होणे किंवा हेतुपुरस्सर साहाय्य करणे, यांपैकी एक तरी सिद्ध व्हावे लागते.

‘चिथावणी’ या शब्दाचा अर्थ ‘रमेश कुमार विरुद्ध छत्तीसगड राज्य’ (२००१) या निर्णयात स्पष्ट झाला. परिणाम अभिप्रेत नसताना रागाच्या भरात उच्चारलेले शब्द चिथावणी ठरत नाहीत. परंतु आरोपीच्या सातत्यपूर्ण वर्तनामुळे मृतापुढे दुसरा मार्गच उरला नसेल, तर चिथावणीचे अनुमान काढता येते, असेही त्याच निर्णयात म्हटले आहे. पहिले सूत्र आरोपीचे रक्षण करते, तर दुसरे मृताची बाजू जिवंत ठेवते. पुढील बहुतेक वाद या दोन सूत्रांमधील सीमारेषेचे आहेत.

विवाहानंतर ७ वर्षांच्या आत विवाहितेने आत्महत्या केली आणि पती वा सासरच्यांकडून क्रूरता झाल्याचे सिद्ध झाले, तर न्यायालय अपप्रेरणा गृहीत धरू शकते. १९८३ मध्ये आलेली ही तरतूद आता भारतीय साक्ष्य अधिनियमाच्या कलम ११७ मध्ये आहे. हे गृहीतक न्यायालयावर बंधनकारक नाही. ‘रमेश कुमार’ प्रकरणात क्रूरतेची शिक्षा कायम राहिली, पण अपप्रेरणेची रद्द झाली.

एकाच वर्षातील दोन निर्णय

२०१८ मधील दोन निर्णय एकत्र वाचण्याजोगे आहेत. ‘वैजनाथ खांडके विरुद्ध महाराष्ट्र राज्य’ हे प्रकरण औरंगाबाद (आजचे छत्रपती संभाजीनगर) येथील शिक्षण उपसंचालक कार्यालयातील होते. वरिष्ठ अवाजवी काम देत, अवेळी बोलावत आणि त्यांनी महिन्याचे वेतन रोखले, अशी मृत कर्मचाऱ्याच्या पत्नीची तक्रार होती. हेतू नसला तरी प्रचंड मानसिक ताण निर्माण करणारी परिस्थिती चिथावणी ठरू शकते, अशी भूमिका घेऊन उच्च न्यायालयाने गुन्हा रद्द करण्यास नकार दिला. सर्वोच्च न्यायालयाने मात्र गुन्हा रद्द केला. काम सोपवणे किंवा वेतन रोखणे एवढ्यावरून अपराधी मन सिद्ध होत नाही, तसेच मृताची चिठ्ठी नाही आणि पत्नीच्या कथनाखेरीज अन्य सामग्री नाही, असे न्यायालयाने नमूद केले.

त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये थोरात प्रकरणाचा निकाल लागला. मृत व त्याची पत्नी दोघेही जिल्हा परिषद शाळेत शिक्षक होते. पत्नीस वारंवार दूरध्वनी करून त्रास देण्याचा आरोपीवर आक्षेप होता, मृताने त्यास समज दिली होती आणि चिठ्ठीत त्याला जबाबदार धरले होते. उच्च न्यायालयाने रद्द केलेला हा गुन्हा सर्वोच्च न्यायालयाने पुनरुज्जीवित केला. पुरावा नोंदविण्यापूर्वीच हेतू नव्हता असे म्हणता येणार नाही, ही त्यामागील भूमिका होती.

हेतूचा निर्णय पुराव्याआधी करावयाचा नसेल, तर खांडके प्रकरणात तो कसा झाला, हा प्रश्न येथे उपस्थित होतो. उपलब्ध सामग्रीतील फरक हे त्याचे उत्तर असावे आणि ते बव्हंशी ग्राह्यही आहे. तथापि चिठ्ठीच्या अभावाला मिळालेले महत्त्व खटकते, कारण कायद्याने चिठ्ठीची अट घातलेली नाही. लेखी काही न ठेवता गेलेल्या माणसाचा छळ कमी होता, असे कोणत्याही तर्काने म्हणता येत नाही.

चिठ्ठी पुरेशीही ठरत नाही. अलिबाग येथील २०१८ च्या प्रकरणात चिठ्ठीत थकीत देयकांसंबंधी नावे होती. तरीही अर्णब गोस्वामी यांच्या अंतरिम जामिनावरील २७ नोव्हेंबर २०२० च्या निर्णयात, प्रथम खबरीतील आरोपांतून अपप्रेरणेचे घटक प्रथमदर्शनी सिद्ध होत नाहीत, असे सर्वोच्च न्यायालयाने म्हटले. हे मत जामिनापुरते होते, तरी त्यातून चिठ्ठीची मर्यादा दिसते.

तपासातील उणीव

सातत्यपूर्ण वर्तन सिद्ध करावयाचे, आणि त्याचा मुख्य साक्षीदार हयात नाही, असा हा पेच आहे. तेव्हा मृताने हयातीत मागे ठेवलेल्या खुणांचे मोल वाढते. अर्ज, तक्रारी, रजेच्या नोंदी, संदेश, दूरध्वनींचा तपशील आणि वैद्यकीय कागदपत्रे या त्या खुणा होत. ‘अर्जुन खोतकर विरुद्ध कैलास गोरंट्याल’ (२०२०) या जालन्यातील निवडणूक विवादात इलेक्ट्रॉनिक अभिलेखाच्या प्रतीसाठी प्रमाणपत्र अनिवार्य ठरले. ते नसेल तर भ्रमणध्वनीतील संदेश उपलब्ध असूनही ग्राह्य धरले जात नाहीत. नातेवाइकांचे शोकाकुल जबाब या साऱ्याची जागा घेऊ शकत नाहीत. केवळ कुटुंबाच्या भावना शमविण्यासाठी या कलमाचा यांत्रिक वापर होऊ नये, असा इशारा सर्वोच्च न्यायालयाने जानेवारी २०२५ मध्ये दिला. तो योग्यच आहे, पण निष्काळजी तपासामुळे खरा गुन्हाही निसटतो, ही त्याच दोषाची दुसरी बाजू आहे.

निष्कर्ष

हेतूची अट शिथिल केल्यास कामाची विचारणा करणारा प्रत्येक प्राचार्य आणि थकबाकी मागणारा प्रत्येक धनको संभाव्य आरोपी ठरेल. म्हणून ही अट राहिली पाहिजे. परंतु चिठ्ठीला सिद्धतेचे एकमेव माप मानणे सोडून मृत्यूपूर्वीच्या वर्तनाची साखळी तपासाच्या केंद्रस्थानी आणणे आवश्यक आहे. शैक्षणिक संस्थांपुरते बोलायचे, तर कर्मचारी वा विद्यार्थ्याचा तक्रार अर्ज दिनांकासह नोंदवून त्यावरील कार्यवाही जतन करणे, ही किमान जबाबदारी होय. असा अर्ज वेळीच वाचला गेला, तर तो न्यायालयात पुरावा म्हणून दाखल करण्याची वेळ कदाचित येणारही नाही.