निरोप आणि लोकमत

मराठी नियतकालिकांचा इतिहास सांगताना ६ जानेवारी १८३२ रोजी बाळशास्त्री जांभेकरांनी काढलेल्या 'दर्पण'चा उल्लेख झाला, की 'प्रभाकर', 'केसरी' अशी पावले टाकीत आपण थेट स्वातंत्र्यलढ्यात पोहोचतो. ख्रिस्ती नियतकालिकांच्या वाट्याला फार तर एखादी तळटीप येते. ही तक्रार आपल्या मंडळींत नेहमी ऐकू येते आणि ती निराधार नाही. पण आपल्या नियतकालिकांनी लोकमत घडविले काय, हा प्रश्न आपण तरी कितीदा विचारला आहे?

अमेरिकन मिशनने तेव्हाच्या अहमदनगरात 'ज्ञानोदय' सुरू केला तो १८४२ साली. त्याच वर्षी ऑक्टोबरात डब्लिन येथे 'द नेशन' हे साप्ताहिक निघाले. चार्ल्स गॅव्हन डफी व जॉन ब्लेक डिलन कॅथलिक, टॉमस डेव्हिस प्रॉटेस्टंट. तिघांनी मिळून ते काढले. (आपल्याकडे अशी भागीदारी अजून दुर्मीळच.) आयर्लंडातील वाचनगृहांत ते मोठ्याने वाचले जाई, त्यामुळे निरक्षरांचेही मत त्यातून तयार होई. १८४८ साली सरकारने ते बंद पाडले, यावरून त्याचे वजन कळावे. 'ज्ञानोदया'ची तऱ्हा निराळी. धर्मप्रसाराची त्याची घाई लपत नाही. हिंदू देवदेवतांविषयीची त्याची वादाची भाषा पुष्कळदा बोचरी आहे, आणि ज्याला बोचते तो ऐकून घेत नाही. हा दोष आम्ही झाकू इच्छित नाही.

तथापि याच पत्राने १५ फेब्रुवारी व १ मार्च १८५५ च्या अंकांत मुक्ता साळवे हिचा निबंध छापला. जोतीराव फुले यांच्या पुण्यातील शाळेत शिकणारी ही मांग समाजातील मुलगी. मांग-महारांचे दुःख हा तिचा विषय. वेद केवळ ब्राह्मणांचे असतील तर आमच्यापाशी धर्मपुस्तकच नाही. मग आमचा धर्म तरी कोणता, असे ती प्रत्यक्ष देवाला विचारते. इमारतींच्या पायात पुरलेली माणसे, डोक्यावर छप्पर नसताना बाळंत होणाऱ्या स्त्रिया यांचे वर्णन ती करते, पण तिचा सूर दयेच्या याचनेचा नाही. ती जाब विचारते. आमच्या मते मराठी गद्यातील हे थोर लेखन आहे आणि ते एका शाळकरी मुलीचे आहे. मिशनच्या पत्राने मिशनबाहेरच्या शाळेतील हा आवाज जागा देऊन छापला. 'ज्ञानोदया'चे बाकीचे वादविवाद आज अभ्यासकच वाचतात. हा निबंध मात्र जिवंत आहे.

आपल्या कॅथलिक परंपरेकडे वळू. येशूसंघीय फादर हेन्री डोरिंग यांनी १९०३ साली 'निरोप्या' काढला. नावातच त्याचे स्वरूप आले. खेड्यापाड्यांतील नवख्रिस्ती कुटुंबांना मराठी वाचनाची गोडी लावण्याचे त्याचे ऋण मोठे आहे; परंतु निरोप जातो तो एकाच दिशेने, धर्मगुरूकडून श्रद्धावंताकडे. उलट टपालाची सोय त्या काळच्या ख्रिस्तसभेतच नव्हती. १९५० साली पोप बारावे पायस यांनीच ख्रिस्तसभेला लोकमताची गरज असल्याचे सांगितले आणि १९७१ च्या 'कम्युनिओ एत प्रोग्रेसिओ' या मार्गदर्शक पत्राने ते विस्ताराने मांडले. वसईच्या 'सुवार्ता'ने ते मनावर घेतले. फादर फ्रान्सिस दिब्रिटो संपादक असताना (१९८३ ते २००७) वसईची जमीन, पाणी व हिरवळ हे विषय धार्मिक मासिकात बसतात, हे वाचकांना पटले. त्याच वेळी हरित वसईची चळवळ उभी राहिली. अर्थात, वसईला दाट वस्तीचा, पिढ्यान्‌पिढ्यांचा मराठी कॅथलिक समाज होता. गोंदियासारख्या जिल्ह्यात मिस्साबलिदानाला येणारी कुटुंबे विखुरलेली. घरात कोणी हिंदी बोलतो, कोणी पोवारी, कोणी गोंडी. येथे लोकमत कोणत्या भाषेत गोळा करावे, हाच पहिला पेच.

तरीही हा पेच सबब म्हणून पुढे करता येणार नाही. आपल्याच त्रैमासिकाचा पत्रव्यवहार पाहावा : अभिनंदनाची पत्रे भरपूर, मतभेदाचे क्वचित एखादे. धानाच्या बांधीत रोवणीला जाणाऱ्या एखाद्या आईची शाळकरी मुलगी आमच्या धर्मग्रामातही आहे. तिने काही लिहून पाठविलेच, तर ते अशुद्धलेखनासाठी परत न करता जसेच्या तसे छापण्याची तयारी संपादक मंडळाने आधी जाहीर करावी.